बापूजी अण्यांचे वकीलपत्र आणि वारासिवनी

वणीला 1880 साली जन्मलेले माधव श्रीहरी ऊर्फ बापूजी अणे यवतमाळला वकिली करू लागले, टिळकांच्या पठडीत राजकारण शिकले आणि 1924 मध्ये दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळात वऱ्हाडचे प्रतिनिधी म्हणून जाऊन बसले. हे प्रतिनिधित्व मोठे चमत्कारिक होते. वऱ्हाड कागदोपत्री निजामाचे. 1902 च्या करारान्वये वर्षाला 25 लाख रुपये देऊन इंग्रजांनी ते कायमच्या पट्ट्याने घेतलेले. त्यामुळे वऱ्हाडी मतदारांनी निवडून दिलेल्या माणसालाही दिल्लीत बसायचे तर सरकारने त्याची रीतसर नेमणूक करावी लागे. लोकांनी निवडलेला, पण यादीत नेमलेला! ज्या मुलखाची बाजू मांडायची, त्याच्या मालकीचाच निकाल लागलेला नाही, अशा ठिकाणी मुरलेला वकील रमणारच. अण्यांचे पुढचे सारे राजकारण, माझ्या मते, याच एका वकीलपत्रावर चालले.

यावर हमखास येणारा आक्षेप असा की, अणे एका जागी टिकले नाहीत. 1930 मध्ये ते कायदेभंगात उतरले, 1933 मध्ये काँग्रेसचे हंगामी अध्यक्ष झाले, 1934 मध्ये धर्म-जातवार मतदारसंघ ठरवणाऱ्या ब्रिटिश सरकारच्या जातीय निवाड्यावरून मालवीयांबरोबर वेगळा पक्ष काढून बसले आणि 1941 मध्ये तर थेट व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले. यादी खरी आहे. तिच्यातून काढला जाणारा निष्कर्ष मात्र घाईचा आहे. पुसदचा जंगल सत्याग्रहच पाहा. मिठाचा कायदा मोडायचा तर वऱ्हाडात ना समुद्र, ना मिठागर. तेव्हा शेतकऱ्याला रोज टोचणारा कायदा कोणता, हे पाहून अण्यांनी 10 जुलै 1930 रोजी राखीव जंगलातले गवत कापले आणि अटक करवून घेतली. मोडायचा कायदासुद्धा त्यांनी वकिलाच्या नजरेने निवडला. निवाड्याच्या वेळी काँग्रेसने स्वीकारही नाही आणि नकारही नाही अशी भूमिका घेतली. मुद्द्यावर होय किंवा नाही ऐकायची सवय असलेल्याला ती पटणे शक्य नव्हते. कार्यकारी मंडळातील प्रवेशाचे समर्थन अवघड आहे, विशेषतः 1942 च्या दडपशाहीनंतरही ते तिथेच राहिले म्हणून. पण फेब्रुवारी 1943 मध्ये गांधीजींच्या उपोषणाच्या वेळी मंडळातील सहकारी होमी मोदी आणि नलिनीरंजन सरकार यांच्याबरोबर त्यांनी राजीनामा दिला, हेही त्याच हिशेबात धरले पाहिजे. खुर्चीचा लोभी माणूस अशा वेळी आजारी पडतो.

अण्यांनी वेगळ्या विदर्भाचाही पुरस्कार केला आणि त्यावरचा खरा अवघड आक्षेप वारासिवनीच्या बाजूने येतो. वैनगंगेच्या खोऱ्यातले हे गाव बालाघाट जिल्ह्यात आहे आणि तो जिल्हा 1867 मध्ये भंडारा, शिवनी व मंडला यांचे तुकडे जोडून बनला. जुन्या मध्य प्रांतात बालाघाट हा नागपूर विभागाचाच भाग होता. म्हणजे कारभाराची सवय नागपूरची, शेजार भंडाऱ्याचा आणि गावात पोवारी, मराठी, हिंदी यांची सरमिसळ. तरीही 1955 मध्ये राज्य पुनर्रचना आयोगाने सुचवलेल्या विदर्भात आठच जिल्हे होते आणि त्यांत बालाघाट नव्हता. कोणी म्हणेल, जिल्ह्यात हिंदी बोलणारे अधिक, मग तक्रार कशाची? भाषा हीच कसोटी मानली तर हे उत्तर पुरेसे आहे. पण मग त्याच कसोटीवर विदर्भ मुंबई-पुण्यापासून वेगळा कसा काढायचा? विदर्भवाद्यांचा युक्तिवाद भाषेच्या पलीकडचा होता: महसूल, अंतर, वेगळा इतिहास. तो युक्तिवाद पूर्वेकडेही लागू होत होता, पण सीमा मात्र भाषेच्या रेषेवर थांबली. यात एकट्या अण्यांना दोष देणे अन्यायाचे होईल. तरी वेगळ्या विदर्भाच्या मोठ्या पुरस्कर्त्यांपैकी ते एक होते, म्हणून ही विसंगती त्यांच्याही खात्यावर पडते.

आयोगाचा विदर्भ झालाच नाही. 1 नोव्हेंबर 1956 रोजी आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि वारासिवनी मध्य प्रदेशात. अणे 1959 च्या पोटनिवडणुकीत, ऐंशीच्या उंबरठ्यावर, विदर्भवाद्यांच्या पाठिंब्याने नागपूरहून लोकसभेत गेले आणि 1962 मध्ये पुन्हा निवडून आले. वारासिवनीची मते तेव्हा बालाघाट मतदारसंघात मोजली जात होती.