अजून शंभर फूट

आमच्या विहिरीची खोली आबा, म्हणजे माझे आजोबा, कधी फुटांत सांगत नसत. 'सात परस' म्हणायचे. हात वर करून उभा राहिलेला माणूस म्हणजे एक परस. जालन्याहून अंबडकडे जाणाऱ्या रस्त्याच्या थोडं आत आमचं गाव. विहीर खणून घेतली आबांच्या वडिलांनी, निजामाचं राज्य जाऊन चार-पाच वर्षं झाल्यावर. घरात सालं सांगायची रीत अशीच होती : रझाकारांच्या आधी, पोलीस ॲक्शननंतर, सुकडीच्या साली. इसवी सन ज्याचं त्यानं लावून घ्यायचं.

जागा दाखवली पाणाड्यानं. उंबराची दुबेळकी काटकी दोन्ही हातांत धरून तो रानातून फिरला. काटकी वळली तिथं पायानं रेघ मारली आणि नारळ न् सव्वा रुपया घेऊन गेला. काटकीवर माझा विश्वास नाही. पण आबा सांगायचे, की काटकी हातात घेण्याआधी त्या माणसानं सगळं रान उभं-आडवं पालथं घातलं होतं. नाला कुठं वळतो, उन्हाळ्यात कोणतं झाड हिरवं राहतं, वारूळ कुठं आहे, सगळं बघून ठेवलं होतं. वराहमिहिराच्या 'बृहत्संहिते'त 'दकार्गल' नावाचा एक आख्खा अध्याय याच गोष्टींवर आहे. कोणत्या झाडाच्या कोणत्या बाजूला वारूळ असलं की किती खोलीवर पाणी, असे ठोकताळे. आमच्या पाणाड्यानं तो अध्याय ऐकलासुद्धा नसणार. मला वाटतं, काटकी ही मालकाच्या समाधानासाठी होती. पाणी त्यानं आधीच डोळ्यांनी हेरलेलं असावं.

खणायला वडारांची चार बिऱ्हाडं आली. बायकापोरांसकट, गाढवांसकट, विहिरीच्या कडेलाच पालं टाकून राहिली. काम परसावर ठरलं. वरच्या काळ्या मातीचा आणि मुरमाचा भाव कमी, खाली कठीण लागलं की जास्त. पहार, घण, छिन्नी, आणि खडक लागला की सुरुंग. सुरुंग उडायच्या आधी मुकादम मोठ्यानं आरोळी द्यायचा, तशी आसपासच्या रानातली माणसं झाडामागं व्हायची. असे तीन उन्हाळे गेले. पावसाळा आला की काम बंद, विहीर भरायची. पुढच्या उन्हाळ्यात पाणी उपसून बघायचं की झरा कुठल्या अंगानं येतोय, आणि मगच पुढचा परस.

सातव्या परसाला मुकादम वर आला आणि म्हणाला, "मालक, आता खाली निस्ता धोंडा हाय. पैसा घालू नका." पणजोबांची आणखी दोन परस जायची तयारी होती, रोख रक्कम कनवटीला होती. मुकादमानं ऐकलं नाही. आबा हे फार कौतुकानं सांगायचे, जणू सत्ययुगातला माणूस. मला तितकं कौतुक वाटत नाही. कमरेएवढ्या पाण्यात उभं राहून काळा पाषाण फोडणं हा जिवाशी खेळ होता आणि शेजारच्या गावात त्याला मऊ मुरमाचं काम मिळालेलं होतं. पण एवढं खरं, की खडकाशी त्याची रोजची गाठ होती. खाली काय आहे हे त्याला दिसत होतं, आणि थांबण्यात त्याचाही फायदा होता.

तो म्हणाला त्यात भूगोलही होताच. महाराष्ट्राची ऐंशी टक्क्यांहून जास्त जमीन दख्खनच्या बसाल्ट खडकावर आहे. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थरांवर थर साचत गेला, त्याचा हा खडक. वाळूतून झिरपतं तसं यातून पाणी झिरपत नाही. वरचा कुजलेला मुरूम, खडकाच्या भेगा, बुडबुड्यांच्या पोकळ्यांचा मांजऱ्या खडक, आणि दोन थरांच्या सांध्यातली तांबडी माती, एवढ्याच पाण्याच्या जागा. त्या मिळाल्या तर मिळाल्या. खोल जाऊ तितक्या भेगा मिटत जातात. म्हणजे आपल्याकडे खोलीला पाण्याची हमी नसते. उलट, ठरावीक खोलीनंतर प्रत्येक फुटाला आशा कमी होत जाते. हे वडाराला ठाऊक होतं, पुस्तकांत आहे, भूजलवाल्या साहेबांना पाठ आहे.

सुकडीचं साल म्हणजे १९७२. आजी त्या साली पाझर तलावाच्या कामावर होती. तिच्या बोलण्यात त्या दुष्काळाची तहान कधी आलीच नाही. आली ती भूक. तांबड्या मिलोच्या भाकरी, रांगेत वाटलेली सुकडी, खडी फोडून सोललेली बोटं. विहिरीत पाणी होतं. कमी होतं, पण होतं. पुढं २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी न्यावं लागलं, पहिल्या फेरीत दहा वाघिणींतून सुमारे पाच लाख लिटर. टीव्हीवर ते पाहताना आजी म्हणाली, "आम्हाला दाणा नव्हता. तुम्ही दाणा आणलाव आन् पाणी संपवलंव."

पण बोअर नावाची वस्तू आमच्याकडं आली ती त्याच बहात्तरच्या सुमारास. १९६६-६७ च्या बिहारच्या दुष्काळात युनिसेफनं हवेच्या दाबावर चालणारी परदेशी यंत्रं मागवली होती. जुन्या आपटणाऱ्या यंत्राला जिथं आठवडे लागत, तिथं ही दिवसात भोक पाडत. राज्यात भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा उभी राहिली आणि गावोगाव पिण्याच्या पाण्यासाठी सरकारी बोअर सुरू झाले. आमच्या शाळेच्या कोपऱ्यावर गाडी आली तेव्हा बायकांनी तिला हळदकुंकू लावलं. गाडीसोबत एक साहेब होते. ते निघालेली भुकटी चिमटीत घेऊन बघायचे, कागदाच्या पुड्या बांधून ठेवायचे. साधारण दोनशे फुटांवर, म्हणजे साठेक मीटरवर काम थांबायचं. पाणी लागलं तर हापसा बसे, नाही लागलं तर गाडी दुसऱ्या गावाला.

हापशाची गोष्ट मला बोअरपेक्षा जास्त आवडते, कारण तिच्यात आमचा जालना आहे. तेव्हाचे ओतीव लोखंडाचे पंप मूळचे परदेशातल्या एखाद्या घराच्या अंगणात चालतील अशा बेताचे. इथं आख्खं गाव दिवसभर त्यावर लोंबकळायचं आणि दांडा मोडायचा. जालना आणि सोलापूर इथं मिशनतर्फे बोअरचं काम करणाऱ्यांनी आपापल्या कार्यशाळेत दणकट पोलादी पंप बनवले. त्यातला सोलापूरचा पंप समोर ठेवून, युनिसेफच्या पुढाकारानं, मद्रासच्या रिचर्डसन अँड क्रूडास या सरकारी कारखान्यात 'इंडिया मार्क २' घडला. १९७९ मध्ये त्याचं भारतीय मानक ठरलं आणि पुढं तो आफ्रिकेतल्या गावांपर्यंत पोचला. हापशाचा एक गुण कुणी बोलून दाखवत नाही : तो माणसाच्या दंडाएवढंच पाणी काढतो. आजीच्या दंडानं जमिनीचं काही बिघडलं नसतं.

मग भोकात सोडायची वीज-मोटर आली, तशी मोसंबीही वाढली. आमच्याकडं पहिला खाजगी बोअर घेतला तो नानांनी, माझ्या चुलत्यांनी. पावणेदोनशे फुटांवर दोन इंची पाणी लागलं आणि नाना गावात वर्षभर ताठ मानेनं फिरले. पुढच्या दोन उन्हाळ्यांत शेजारच्या बांधांवर बोअर झाले, नानांचं पाणी एक इंचावर आलं, आणि आबांची सात परसांची विहीर पौषातच तळ दाखवू लागली. दिसत होतं सगळ्यांना. पण शेजाऱ्याच्या रानात गाडी उभी राहिल्यावर आपण गप्प बसणं हा शहाणपणा नसून बावळटपणा आहे, असं तेव्हा सगळ्यांनाच वाटत होतं. हिशेबानं पाहिलं तर ते खरंही होतं.

२०१२-१३ च्या दुष्काळात जालना जिल्ह्यातल्या मोसंबीच्या बागांवर करवत फिरली. त्याआधीच्या हिवाळ्यात नानांनी बाग वाचवायला शेवटची गाडी बोलावली होती. ती रात्र मी पाहिलेली आहे. दोन मोठे ट्रक आले : एकावर रिग, दुसऱ्यावर कॉम्प्रेसर, दोन्हींवर तमिळ अक्षरं. वरच्या ढासळत्या थराला केसिंग टाकलं, साडेसहा इंची बिट आत गेली, आणि जमीन ठणठणू लागली. दांड्यांच्या टोकाला हातोडा, त्याखाली बिट. वरून दाबानं सोडलेली हवा हातोडा हाणते आणि फुटलेल्या खडकाचा फुफाटा वर फेकते. भोवतीची माणसं पिठाच्या गिरणीतून आल्यासारखी पांढरी झाली. वीस फुटांचा दांडा खाली गेला की दुसरा जोडायचा. दोनशे झाले, तीनशे झाले. चारशेला थोडी ओल आली आणि पुन्हा कोरडी धूळ.

"अजून शंभर?" एजंटनं विचारलं.

या प्रश्नाचं उत्तर मशीन चालू असतानाच द्यायचं असतं. मशीन थांबवून विचार करावा म्हटलं तर डिझेल जळत असतं, पुढच्या गावचं गिऱ्हाईक फोन करत असतं आणि भोक पुन्हा उघडायला गाडी परत येणार नसते. त्यातून भावाची मांडणी अशी, की पहिल्या तीनशे फुटांना एक दर आणि नंतरच्या प्रत्येक शंभराला चढता. म्हणजे पाण्याची आशा जशी उतरते तसा फुटाचा भाव चढतो. वडारांचा भावही खोलीवर चढायचा, हे कबूल. पण त्यांच्या परसांच्या मध्ये पावसाळे होते. इथं दोन शतकांच्या मध्ये चहा प्यायलाही वेळ नव्हता. नाना 'हां' म्हणाले. मग पुन्हा 'हां' म्हणाले. सातशेला काकूंनी पदर तोंडाला लावून "पुरे" म्हटलं, तेव्हा थांबलं. बोअर कोरडा गेला. पैसे सातशे फुटांचे द्यावे लागले. त्यात फसवणूक काहीच नव्हती, ठरलं होतं तसंच सगळं झालं.

आज नानांचा धाकटा, माझा चुलतभाऊ, हाच धंदा करतो. बाग गेल्यावर त्यानं तालुक्याच्या रस्त्याला एक टपरीवजा ऑफिस टाकलं; गाडी त्याची नाही, गिऱ्हाईक त्याचं आणि फुटामागं कमिशन. त्याच्याकडून या धंद्याची आतली बाजू कळते. गाड्यांचं माहेर तमिळनाडूत, नामक्कल जिल्ह्यातलं तिरुचेंगोडे. तिथं रिग बांधतात, दुरुस्त करतात, आणि तिथून त्या देशभर पांगतात. गाडीवर पोरं छत्तीसगड, ओडिशा, झारखंडची. कॉम्प्रेसरच्या ट्रकवरच झोपतात, तोंडाला गमछा एवढंच संरक्षण. पाचेक वर्षांत कान जातात आणि खोकला राहतो. मालक श्रीमंत असतील असं मला वाटायचं. भाऊ हसला. डिझेल वाढतं तसा दर वाढत नाही, कारण एकाच तालुक्यात चार गाड्या गिऱ्हाईक शोधत उभ्या. गाडीचा हप्ता मात्र बारा महिने. जून ते दसरा चिखलात गाडी रुतते, कामही नसतं. "चांगला पाऊस पडला की आमची पोटं खपाटीला," असं तो म्हणतो आणि लगेच कपाळाला हात लावून देवाची माफी मागतो.

कायदा आहे. महाराष्ट्राचा भूजल अधिनियम २००९ चा. अमलात आला २०१४ मध्ये. रिगची नोंदणी सक्तीची, आणि शेतीसाठी साठ मीटरहून खोल बोअर घ्यायला मनाई. साठ मीटर, म्हणजे भुकटीच्या पुड्या बांधणारे ते साहेब जिथं थांबायचे जवळजवळ तिथंच. आमच्या तालुक्यात ती मर्यादा पाळून कुणी बोअर घेतल्याचं मी ऐकलेलं नाही. आणि कोरडी भोकं उघडी सोडू नयेत म्हणून सर्वोच्च न्यायालयानं २०१० मध्ये सूचना दिल्या, कारण त्यांत लहान मुलं पडत होती आणि अजून पडतात. नानांच्या सातशे फुटांवर आम्ही सुरुवातीला एक दगड ठेवला होता. पुढं काकूंनी हट्टानं लोखंडी झाकण करून बसवलं.

त्या झाकणाशेजारी भावानं दोन वर्षांपूर्वी पुनर्भरणाचा खड्डा घेतला. केसिंगभोवती दहा फूट खोल खणायचं, केसिंगला बारीक भोकं पाडून वर काथ्या गुंडाळायचा, खड्ड्यात खाली मोठे दगड, मग खडी, मग वाळू, आणि रानातलं वाहून जाणारं पाणी चर खणून त्यात सोडायचं. पहिल्या पावसात वाळूवर गाळाची साय धरली, ती खरवडून वाळू बदलावी लागली. त्या कोरड्या बोअरला पाणी लागलं, असं काही झालेलं नाही. पण खालच्या अंगाचा नानांचा जुना बोअर, जो दिवाळीनंतर हवा ओढायचा, तो गेल्या साली माघापर्यंत चालला. खड्ड्यामुळं की पावसामुळं, यावर बापलेकांत रोज वाद होतो.

"गिऱ्हाइकांना सांगतोस का हे?" मी विचारलं.

"विचारलं तर सांगतो," तो म्हणाला. "खड्डा दहा फुटांचा, दादा. दहा फुटांचं कमिशन किती येतंय?"

पुढं काहीतरी विचारणार होतो, पण तेवढ्यात त्याचा फोन वाजला. फेब्रुवारी लागला होता.