बूनार्गाचा पतंग

ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंड प्रांतात चिंचिला गावाजवळ बूनार्गा नावाची छोटी वस्ती आहे. तिथे १९३६ साली शेतकऱ्यांसाठी एक सभागृह उभं राहिलं आणि त्याला चक्क एका पतंगाचं नाव दिलं गेलं: कॅक्टोब्लास्टिस.

दिसायला हा पतंग अगदी साधा. रंग राखी-तपकिरी, पंखांचा विस्तार फार तर तीन-चार सेंटिमीटर. प्रौढ पतंग काही खात नाही. थोड्या दिवसांचं आयुष्य प्रजननातच संपतं. मादी सत्तर-ऐंशी अंडी एकावर एक चिकटवत जाते आणि त्यांची बारीक काडी तयार होते. निवडुंगावरची ही काडी काटाच वाटते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या सगळ्या मिळून एकाच जागी भोक पाडतात, कारण जाड साल आणि चिकट रस एकटीला झेपत नाही. एकदा आत शिरल्या की गर फस्त. केशरी अंगावर काळे पट्टे असलेल्या या अळ्या फडा आतून पोखरून टाकतात.

क्वीन्सलंडला नेमकं हेच हवं होतं. अमेरिका खंडातून आलेला फड्या निवडुंग लोकांनी कुंपणाला लावला आणि तो हाताबाहेर गेला. १९२५च्या सुमारास जवळपास अडीच कोटी हेक्टर जमीन त्याने गिळली होती. आर्सेनिकची विषं फवारून झाली, जाळून झालं. शेवटी कित्येक कुटुंबांनी शेतं सोडली. त्याआधी १९१४ साली आणलेल्या या पतंगाच्या अळ्या ब्रिस्बेनमध्ये जगल्या नव्हत्या. मग १९२५ मध्ये कीटकशास्त्रज्ञ ॲलन डॉड यांनी अर्जेंटिनाहून सुमारे तीन हजार अंडी पाठवली. त्यांची पैदास करून पुढच्याच वर्षी वीस लाखांहून अधिक अंडी रानात सोडली गेली. १९३३पर्यंत निवडुंगाची बहुतेक रानं कोसळली होती.

दख्खनच्या गावांनाही फड्या निवडुंगाची कुंपणं ओळखीची. भारतात मात्र त्याला आवर घातला तो दुसऱ्याच कीटकाने: १९२६ साली श्रीलंकेतून दक्षिण भारतात आणलेल्या कोचिनीलच्या एका जातीने.

ऑस्ट्रेलियातल्या यशाने इतरांचाही धीर वाढला. १९५७ मध्ये कॅरिबियनमधल्या नेव्हिस बेटावर हा पतंग सोडला गेला. हा निर्णय घातकच म्हणायला हवा, कारण निवडुंगाचं मूळ घर तिथून फार दूर नव्हतं. १९८९ मध्ये पतंग फ्लोरिडात सापडला, २००६ मध्ये मेक्सिकोच्या इस्ला मुहेरेस बेटावर. मेक्सिकोत निवडुंग राष्ट्रध्वजावर आहे, रोजच्या जेवणात आहे. तिथल्या यंत्रणांनी लागण झालेली झाडं उपटली, वंध्य केलेले पतंग सोडले आणि २००९पर्यंत पतंगाचा त्या भागातून नायनाट केला.