जागेपणी न संपलेलं स्वप्न

बाणासुराच्या उषेची कथा आपण कीर्तनात ऐकलीच असेल. स्वप्नात पाहिलेल्या तरुणासाठी ती जागेपणी झुरते, चित्रलेखा चित्रं काढून दाखवते आणि तो अनिरुद्ध निघतो. आपल्याकडे ही कथा देवळात बसून आयाबायांनी ऐकली. चीनमध्ये मात्र अशाच स्वप्नावर रचलेलं एक संगीत नाटक निदान तीनदा अडवलं गेलं. त्याचं नाव ‘मुदान थिंग’, म्हणजे पिओनी फुलांच्या बागेतला मंडप.

ते लिहिणारा थांग श्येनत्सू हा सरकारी अंमलदार होता. १५९१ साली त्यानं बादशहाकडे अर्ज करून बड्या अधिकाऱ्यांवर टीका केली आणि थेट दक्षिण टोकाला बदली ओढवून घेतली. पुढं एका लहानशा तालुक्याचा कारभार पाहून १५९८ साली त्यानं नोकरी सोडली, आणि त्याच साली हे ५५ प्रवेशांचं नाटक पुरं केलं. ते गाजलं कुनछू नावाच्या गायनशैलीत. आपल्या जुन्या नाटकांच्या पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ छापलेली असते ना, तशाच ठरीव चालींवर ही पदं बांधतात. साथीला मुख्य म्हणजे बांबूची बासरी. २००१ साली युनेस्कोनं प्रथमच ज्या १९ कलांचा गौरव केला, त्यांत कुनछू होती आणि आपल्या केरळचं कूडियाट्टमही होतं.

आता कथानक. अधिकाऱ्याची सोळा वर्षांची मुलगी दू लीन्यांग. तिला शिकवायला घरी म्हातारे पंतोजी येतात. (शिक्षक मंडळींनी हा प्रवेश जरूर वाचावा!) पंतोजी प्राचीन काव्यसंग्रहातलं पहिलं गीत शिकवतात. ते आहे प्रीतीचं, पण पंतोजी त्यातून राणीच्या सदाचाराचा धडा काढतात. मुलीला व्हायचा तो अर्थबोध होतोच. ती घरामागच्या बागेत जाते. आपल्याच घराची बाग, पण तिनं ती आजवर पाहिलेली नसते! परत येऊन झोपते, तर स्वप्नात विलोची डहाळी घेतलेला एक तरुण भेटतो. जाग आल्यावर ती त्याला शोधायला पुन्हा त्याच बागेत जाते. तो सापडत नाही. झुरत झुरत ती स्वतःचं चित्र काढून ठेवते आणि मरते.

इथं आपलं उषाहरण मागं राहतं. तो तरुण खरोखरच जगात असतो. त्यालाही पूर्वी आलुबुखाराच्या झाडाखाली उभी असलेली मुलगी स्वप्नात दिसलेली असते आणि त्यावरून त्यानं आपलं नावच बदलून ‘मंगमै’ ठेवलेलं असतं. अर्थ, स्वप्नातला आलुबुखारा. इकडं यमलोकातला न्यायाधीश वही उघडून पाहतो, तर या दोघांचं लग्न तिथं नोंदलेलं! तीन वर्षांनी मंगमैला तिचं चित्र मिळतं, तो थडगं उकरतो आणि ती जिवंत होते. पण बाप काही केल्या मानत नाही. जावयाला थडगेचोर म्हणून मार देतो. शेवटी बादशहासमोर आरसा धरून, सावली पडते की नाही हे पाहून, मुलगी माणूस असल्याची खात्री करून घ्यावी लागते.

स्वप्नातली माया खोटी का म्हणावी, असा प्रश्न थांगनं प्रस्तावनेतच केला होता. माझ्या मते चीड आली ती याच गोष्टीची. मुलीनं स्वप्न पाहिलं तर पाहिलं. पण जागी झाल्यावरही ते खरं धरून ती वागली, आणि नाटककारानं तिलाच खरं ठरवलं.

घराघरांतल्या मुली हे ओळखून होत्या. छन थोंग नावाच्या मुलीनं नाटकाच्या समासात टिपणं लिहिली. फार वाचून प्रकृती ढासळते म्हणून आईनं तिची पुस्तकं जाळली. दाईनं एक भाग लपवला म्हणून तो वाचला. छन थोंग लग्नाआधीच वारली. तिच्या नियोजित वरानं, वू रननं, ते पुस्तक मिळवलं. त्याच्या पुढच्या बायकोनं टिपणं पुरी करायला घेतली. तीही लवकर गेली. तिसरीनं, छ्येन यीनं, दागिने विकून १६९४ साली ग्रंथ छापला. मग तिनं नाटकातल्या नायिकेची पूजा मांडली. त्या रात्री नवराबायको दोघांनाही एकच स्वप्न पडलं, असं तिनं लिहून ठेवलं आहे!

१८६८ साली ज्यांगसू प्रांताच्या सुभेदारानं बीभत्स पुस्तकांची यादी काढली, तीत हे नाटक घातलं. १९६० च्या सुमारास मै लानफांग या थोर नटानं बागेच्या प्रवेशाचा बोलपट केला, तेव्हा वाटलं, सुटलं. पण १९६६ साली सांस्कृतिक क्रांती आली. जुनी नाटकं बंद, मोजक्या ‘आदर्श’ कृतींखेरीज काही नाही. त्या बोलपटात नायिकेची दासी झालेल्या यान ह्वैचूनं त्याच वर्षी आत्महत्या केली. कुनछूची मंडळं मोडली. पदं राहिली ती गवयांच्या गळ्यात.

तिसरी आडकाठी १९९८ ची. सगळेच्या सगळे ५५ प्रवेश न्यूयॉर्कला व्हायचे होते. शांघायच्या संस्कृती खात्यानं नटमंडळींना निघू दिलं नाही, कपडे आणि सामानही अडवलं. सरंजामी, अंधश्रद्धेचं, अश्लील, असे आक्षेप. पुढच्या वर्षी, जुलै १९९९ मध्ये, नवी मंडळी जमवून प्रयोग झाला. काही दिवसांत वाटलेला, एकूण सुमारे १९ तासांचा. नायिका झालेली तरुणी शांघायचीच होती. तिचं नाव छ्येन यी. दागिने विकणाऱ्या त्या तिसऱ्या बायकोचंही नाव तेच. चिनी लिपीत दुसरं अक्षर तेवढं निराळं आहे.