गोमंतकातील जुन्या गाड्या आणि त्यांची चाके

चवथ जवळ आली की पेडणे आणि डिचोली तालुक्यांतल्या घरांत साफसफाई सुरू होते. माटोळीची तयारी, भिंतींची रंगरंगोटी, मूर्तिकाराकडच्या फेऱ्या या गडबडीत अनेक घरांच्या आवारात झाकून ठेवलेली एक जुनी गाडीही बाहेर निघते. कुणाची फियाट, कुणाची ॲम्बेसेडर, कुणाची जीप, तर कुणाची पहिल्या काळातली मारुती. वडिलांनी किंवा आजोबांनी घेतलेली ही गाडी विकायला मन होत नाही. गणपती तिच्यातूनच घरी आणायचा, असा काही घरांचा रिवाजही आहे. इंजिन थोड्या खटपटीने सुरू होते, पण रिमला गंज चढलेला असतो आणि टायरला भेगा पडलेल्या असतात. मग प्रश्न येतो, नवी चाके कोणती बसवायची?

तंत्रनिकेतनातून पदविका घेऊन सरकारी नोकरीत स्थिरावलेले आम्ही काही इतिहासाचे अभ्यासक नव्हे. पण या साध्या प्रश्नाचे उत्तर शोधताना आपल्या प्रांताचा साठ-सत्तर वर्षांचा इतिहास त्यात गुंतलेला दिसला. तो स्मरणिकेच्या वाचकांपुढे ठेवावा, म्हणून हा लेखनप्रपंच.

आधी शब्दांकडे पाहू. कोकणीत चाकाला ‘रोद’ म्हणतात. हा शब्द पोर्तुगीज ‘रोदा’वरून आला. जादा चाकाला मात्र मराठी, कोकणी, हिंदी अशा सर्व भाषांत एकच नाव आहे, ‘स्टेपनी’. हे नाव वेल्समधल्या लॅनेली गावच्या स्टेपनी रस्त्याचे. सुरुवातीच्या मोटारींना जादा चाक नसे. टायर पंक्चर झाला की रस्त्यातच बसून तो उतरवायचा आणि जोडायचा. १९०४ साली लॅनेलीत टायर चढवलेली, आरे नसलेली एक रिम तयार झाली. ती पंक्चर झालेल्या चाकालाच बाहेरून शिकंजांनी आवळायची आणि पुढे निघायचे. इंग्लंडात ते नाव कधीच मागे पडले, आपल्याकडे ते अजून प्रत्येक पंक्चरवाल्याच्या तोंडी आहे. पुढे बोल्टने बसणारी पत्र्याची चाके आली आणि संपूर्ण चाक बदलणे सोपे झाले. पण त्याबरोबर एक अडचणही आली. प्रत्येक कंपनीने बोल्टचे वर्तुळ आपापल्या मापाचे ठेवले, आणि एका गाडीचे चाक दुसरीला बसेनासे झाले.

गोव्यात ही अडचण फार वेगळ्या रीतीने अनुभवास आली. पेडणे आणि डिचोली हे नव्या काबिजादीतले तालुके, अठराव्या शतकाच्या अखेरीस पोर्तुगीजांकडे गेलेले. येथे मोटारी वाढल्या त्या प्रामुख्याने १९५० नंतर. डिचोली, साखळी, पाळी, वेळगे, शिरगाव या पट्ट्यात लोहखनिजाच्या खाणी सुरू झाल्या. ट्रकमधून माल मांडवीकाठच्या धक्क्यांवर, तेथून बार्जमधून मुरगाव बंदरात आणि पुढे जपानला, असा व्यापार वाढला. पैसा आला तशी वाहनेही आली. १९५५ च्या सुमारास भारत सरकारने गोव्याची आर्थिक नाकेबंदी केली, रेल्वे थांबली, पात्रादेवीची सीमा बंद झाली. त्यामुळे गोव्याचा बाजार समुद्रमार्गे युरोपशी अधिकच बांधला गेला. मुंबईत मोजक्या बनावटीच्या मोटारी दिसत, तेव्हा पणजी-म्हापशात मर्सिडीज, ओपेल, फोक्सवॅगन अशा गाड्या टॅक्सी म्हणूनही धावत होत्या.

१९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला. स्वातंत्र्याचा आनंद शब्दांत न मावणारा. पण गाडीमालकांपुढे एक व्यावहारिक प्रश्नही उभा राहिला. देशात आयातीवर कडक निर्बंध होते. युरोपहून येणारे रिम, टायर, बोल्ट आटले. आता गाडी जर्मन आणि बाजार भारतीय, असा संसार सुरू झाला.

त्या काळी भारतात मोटारी प्रामुख्याने तीनच. उत्तरपाड्याच्या हिंदुस्थान मोटर्सची ॲम्बेसेडर, मुंबईच्या प्रीमियर कंपनीची फियाट आणि मद्रासची स्टँडर्ड हेराल्ड. प्रीमियरची स्थापना सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ साली केली, ही आपल्या मराठी माणसांना अभिमानाची गोष्ट. चौथे वाहन म्हणजे जीप. यांच्या टायरची मापे इंचांत असत. पहिला आकडा टायरची जाडी सांगे, दुसरा रिमचा व्यास. फियाट ११०० ला ५.२०–१४, ॲम्बेसेडरला ५.९०–१५, हेराल्डला ५.२०–१३ आणि जीपला ६.००–१६.

आता या आकड्यांशेजारी गोव्यातल्या युरोपीय गाड्या ठेवून पाहा. फोक्सवॅगन बीटलला ५.६०–१५ माप लागे. तिची रिम १५ इंची आणि ॲम्बेसेडरचीही १५ इंची. म्हणजे ॲम्बेसेडरचा टायर, जरा जाड असला तरी, बीटलच्या रिमवर चढू शकत होता. रिम मात्र बदलता येत नव्हती. जुन्या बीटलच्या पाच बोल्टचे वर्तुळ तब्बल २०५ मिलिमीटरचे, आणि तसे चाक कोणत्याही भारतीय मोटारीला नव्हते. त्या काळच्या मर्सिडीज १८० ची गोष्ट याहून अवघड. तिला ६.४०–१३ टायर लागे. १३ इंची भारतीय टायर होता तो हेराल्डचा. पण हेराल्ड हलकी गाडी, मर्सिडीज जड. व्यास जुळला तरी वजन पेलण्याची ताकद जुळत नव्हती. टायर रिमवर चढतो म्हणून तो योग्य ठरत नाही, हा धडा त्या पिढीला पुस्तकाविना मिळाला.

त्यामुळे जुनी रिम फेकून देणे कुणाला परवडत नसे. वाकलेली कड ठोकून सरळ करायची, गंज खरवडून रंग द्यायचा, झिजलेले बोल्ट लेथवर करून घ्यायचे. म्हापसा, डिचोली, साखळीच्या वर्कशॉपांत ही कामे करणारे कसबी हात होते. खाणीच्या ट्रकांनी त्यांना चाकाची विद्या शिकवली होती. भरलेल्या ट्रकाचे चाक सैल राहिले तर काय होते, हे त्यांना कुणी सांगावे लागत नसे. जीपच्या डाव्या बाजूच्या चाकांना उलट्या आट्यांचे नट असतात आणि ते उलट दिशेने सोडवायचे, हेही त्यांच्या हातांना पाठ होते. नवख्याने जोर लावला की स्टड तुटलाच.

पुढे १९७४ पासून फियाट ‘पद्मिनी’ झाली. १९७० च्या दशकात उसगावला एमआरएफचा कारखाना आला आणि आपल्या शेजारच्या फोंडा तालुक्यातच टायर बनू लागले. १९७७ साली भारतात रेडियल टायर आले. १४ डिसेंबर १९८३ रोजी पहिली मारुती ८०० मालकाच्या हाती पडली आणि १२ इंची छोटे चाक घरोघर पोचले. नंतर उदारीकरण आले, परदेशी कंपन्या आल्या, चमकदार ॲलॉय चाकांची दुकाने थाटली गेली. टंचाई संपली, निवड अमाप झाली. पण टंचाईने शिकवलेली मोजण्याची सवय मात्र सुटली.

त्याचे एक उदाहरण आमच्या पाहण्यातले. डिचोलीतल्या एका परिचित कुटुंबाच्या फियाट उनोला एका दुकानात हौसेने ॲलॉय चाके बसवली. उनोचे चार बोल्टचे वर्तुळ ९८ मिलिमीटरचे, बसवलेली चाके १०० ची. दोन मिलिमीटरचा फरक डोळ्यांना दिसत नाही. बोल्ट तिरपे आवळले गेले आणि चाक मध्यावर बसलेच नाही. साठच्या वेगाला स्टीअरिंग थरथरू लागले. आठवड्याभरात अस्नोड्याच्या रस्त्यावर खडखड ऐकू आली म्हणून गाडी थांबवली, तेव्हा एका चाकाचे दोन बोल्ट हाताने फिरत होते. गाडीत लहान मुले होती. श्रींची कृपा, म्हणून वेळ निभावली.

यासाठी जुन्या गाडीला चाक घेताना काय जुळवायचे, ते येथे क्रमाने सांगतो.

पहिले, बोल्टचे वर्तुळ, ज्याला दुकानात पीसीडी म्हणतात. चार बोल्ट असतील तर समोरासमोरच्या दोन बोल्टच्या मध्यापासून मध्यापर्यंत मोजावे. पाच असतील तर समोरासमोर बोल्ट येत नाही. तेव्हा शेजारच्या दोन बोल्टच्या मध्यांतील अंतर मोजून त्याला १.७०१ ने गुणावे. जीपच्या शेजारच्या बोल्टमध्ये सुमारे ८२ मिलिमीटर भरतात. गुणाकार केला की १३९.७, म्हणजे बरोबर साडेपाच इंच येतात.

दुसरे, मधले भोक. ते हबवर घट्ट बसले पाहिजे. लहान असेल तर चाक बसणारच नाही. मोठे असेल तर मध्ये योग्य मापाची कडी घालावी.

तिसरे, ऑफसेट. चाक ज्या पाठीने हबला टेकते ती पाठ रिमच्या मध्यरेषेपासून किती आत वा बाहेर आहे, ते हे माप. चाकावर ‘ईटी’ या अक्षरांपुढे ते मिलिमीटरमध्ये कोरलेले असते. ते चुकले तर टायर मडगार्डला घासतो किंवा आतल्या भागांना लागतो, आणि बेअरिंगवरचा भार वाढतो. चाक बसवल्यावर स्टीअरिंग दोन्हीकडे पूर्ण वळवून पाहावे. चार माणसे बसवूनही पाहावे, कारण रिकाम्या गाडीत न घासणारा टायर भरल्या गाडीत घासतो.

चौथे, टायरची एकूण उंची. मारुती ८०० चा १४५/७० आर १२ टायर घ्या. १२ इंच म्हणजे ३०४.८ मिलिमीटर. १४५ चे ७० टक्के १०१.५, त्याची दुप्पट २०३. बेरीज सुमारे ५०८. १५५/६५ आर १२ घेतला तर बेरीज ५०६ च्या वर येते, म्हणजे फरक नगण्य. पण १४५/८० आर १२ घेतला तर ती ५३७ च्या जवळ जाते, सुमारे पावणेसहा टक्के जास्त. मग काटा ६० दाखवतो तेव्हा गाडी ६३ च्या वर असते. उंचीबरोबर टायरवरचा वजनाचा आकडाही मूळ टायरपेक्षा कमी नसावा. मर्सिडीज आणि हेराल्डचा धडा येथे आठवावा.

पाचवे, बोल्टची बैठक. काही गाड्यांच्या बोल्टची बैठक शंकूसारखी, तर काहींची, उदाहरणार्थ मर्सिडीजची, गोल असते. चुकीची जोडी आवळलेली वाटते, पण टिकत नाही. ॲलॉय चाक जाड असते, त्याला लांब बोल्ट लागू शकतो. तोच बोल्ट पुन्हा पत्र्याच्या चाकाला वापरला तर आत टोचू शकतो. बोल्ट नेहमी समोरासमोरच्या जोडीने आवळावेत आणि पन्नास ते शंभर किलोमीटरनंतर पुन्हा तपासावेत.

याशिवाय जुन्या पत्र्याच्या रिमला ट्यूबच घालावी, कारण ट्यूबलेस टायर धरून ठेवणारा उंचवटा तिच्यात नसतो. जुना क्रॉसप्लाय आणि रेडियल हे टायर एकाच धुरावर मिसळू नयेत. न वापरलेला टायरही म्हातारा होतो. त्याच्या बाजूवरच्या चार आकड्यांत कारखान्यातला आठवडा आणि वर्ष असते. ३२२४ म्हणजे २०२४ सालचा बत्तिसावा आठवडा.

कायद्याचाही विचार हवा. मोटार वाहन कायद्याच्या ५२ व्या कलमानुसार निर्मात्याने ठरवलेल्या तपशिलाशी विसंगत बदल गाडीत करता येत नाही. पंधरा वर्षांनंतर खासगी मोटारीची नोंदणी तपासणी करूनच पाच-पाच वर्षांसाठी वाढते. २०२१ पासून पन्नास वर्षांपुढील गाड्यांसाठी व्हिंटेज नोंदणीची सोय आहे, पण तीही गाडीचे मूळ स्वरूप राखले असेल तरच. जुनी रिम सांभाळणे म्हणजे नुसता हळवेपणा नव्हे, हे यावरून कळावे.

२०१२ साली खाणी थांबल्या, तेव्हा डिचोलीच्या पट्ट्यात ट्रक दारात उभे राहिले. ट्रकाबरोबर वाढलेले कारागीर आता वयस्क झाले आहेत आणि त्यांचे ज्ञान कुठे लिहून ठेवलेले नाही. म्हणून वाचकांना आमची एक विनंती आहे. ज्यांच्या घरी जुनी गाडी आहे त्यांनी या चतुर्थीच्या सुट्टीत एखाद्या जुन्या मिस्त्रींना घरी बोलवावे, गोडधोड खाऊ घालावे आणि चाकाची पाचही मापे त्यांच्या देखत घेऊन वहीत नोंदवावीत. शेजारी गाडी कोणी, कधी, कुठून घेतली तेही लिहावे. ती वही गाडीच्या कागदपत्रांतच ठेवावी. नातवंडांना त्यात चाकाची मापे मिळतील आणि आपल्या घराण्याचा, आपल्या गोमंतकाचा इतिहासही.

विघ्नहर्ता श्री गजानन सर्वांचा प्रवास निर्विघ्न करो, हीच त्याच्या चरणी प्रार्थना.