लॅमिंग्टन रोडची विंडोज

मुंबईच्या ग्रँट रोड स्टेशनजवळचा लॅमिंग्टन रोड, म्हणजेच डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग, सुटे भाग जुळवून ‘असेंबल्ड’ संगणक बनवून देणाऱ्यांचा बाजार म्हणून नावाजला. गिऱ्हाईक मदरबोर्ड, रॅम, हार्ड डिस्क यांवर घासाघीस करी. विंडोज मात्र बहुधा बिलात नसेच. दुकानदार ती आपल्या सीडीवरून टाकून देई. पैसे वाचत हे खरेच, पण त्याहून मोठी ओढ सोयीची होती: मशीन घरी नेले की लगेच चालू. ऑपरेटिंग सिस्टिम वेगळी विकत घ्यायची असते, हे अनेक घरांना ठाऊकही नव्हते.

२५ ऑक्टोबर २००१ रोजी आलेल्या विंडोज एक्सपीत मायक्रोसॉफ्टने ‘ॲक्टिव्हेशन’ची, म्हणजे प्रत मायक्रोसॉफ्टकडून मान्य करून घेण्याची, अट घातली. मोठ्या कंपन्यांसाठीच्या आवृत्तीला मात्र ही अट नव्हती, आणि तिची एक की (प्रत बसवताना टाकायचा सांकेतिक क्रमांक) विक्री सुरू होण्याच्या काही आठवडे आधीच फुटली. तीच की जगभर हातोहात फिरली. २००२च्या पहिल्या सर्व्हिस पॅकने ती नाकारली. २००५पासून डाउनलोडआधी प्रत अस्सल आहे का, हे तपासले जाऊ लागले. भारतात १९९४च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात कलम ६३बी आले होते. बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरल्यास किमान सात दिवसांच्या कैदेची तरतूद त्यात आहे. घरगुती वापरात या कलमापेक्षा, प्रत अस्सल नसल्याच्या पडद्यावर झळकणाऱ्या इशाऱ्याचीच भीती जास्त होती.

खरे नुकसान या भीतीनेच केले. सुरक्षेचे महत्त्वाचे अपडेट ‘ऑटोमॅटिक अपडेट्स’मधून नकली प्रतींनाही मिळत असत, तरी पकडले जाऊ नये म्हणून अपडेटच बंद ठेवले जात. २३ ऑक्टोबर २००८ रोजी मायक्रोसॉफ्टने विंडोजमधील एका गंभीर त्रुटीवर पॅच दिला. पुढच्याच महिन्यात कॉन्फिकर हा वर्म, म्हणजे आपोआप पसरणारा घातक प्रोग्राम, त्याच त्रुटीतून पसरू लागला. नंतरच्या आवृत्त्या पेन ड्राइव्हवरूनही शिरत. लाखो संगणक त्याच्या तावडीत सापडले. पॅच न बसवलेल्या मशीनना त्याचा मोठा धोका होता.

काही नकली प्रतींत तर रोग आधीच भरलेला असे. मायक्रोसॉफ्टच्या तपासनीसांनी चीनमधील वेगवेगळ्या शहरांतून २० नवे संगणक विकत घेतले. सर्वांवर नकली विंडोज होती आणि चारांत मालवेअर निघाले. त्यांतल्या निटोल या मालवेअरची माहिती २०१२मध्ये जाहीर झाली.

पुढे सीडीची जागा ॲक्टिव्हेशनची अट चुकवून देणाऱ्या ‘ॲक्टिव्हेटर’ प्रोग्रामांनी घेतली. हे प्रोग्राम चालवण्याआधी अँटिव्हायरस बंद करा, अशी सूचना सर्रास असते. ती पाळणारा माणूस अनोळखी प्रोग्रामला ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार देऊन बसतो. मग त्यातून पासवर्ड चोरणारे काही आत शिरले, तर अडवायला कोणी उरत नाही.