माइनक्राफ्टची सामाईक भांडी

आजचा विषय जरा पोरांच्या प्रांतातला आहे, पण आजी-आजोबांनी लगेच रेडिओ बंद करू नये.

घरात कुणी माइनक्राफ्ट खेळत असेल, तर "नवा मॉड टाकलाय", "प्लगिन चालत नाहीये" असं काही ना काही कानावर आलंच असेल. मॉड म्हणजे मूळ खेळात नसलेली, बाहेरच्या कुणीतरी हौसेने लिहिलेली भर. असे शेकडो मॉड ज्या एका सामाईक फाइलवर टेकलेले असतात, तिला लायब्ररी म्हणतात. वाचनालयाशी तिचा संबंध नाही. लग्नकार्याला लागणारी मोठी पातेली, पराती गावात एके ठिकाणी ठेवलेली असत आणि ज्याच्या घरी कार्य तो घेऊन जाई, तसला हा प्रकार. भांडी प्रत्येकाने नव्याने घडवायची नाहीत.

माइनक्राफ्ट स्वीडनच्या मार्कस पर्सन यांनी मे 2009 मध्ये लोकांसमोर आणला. जावा भाषेत लिहिलेला हा खेळ एका जार फाइलमध्ये असे. जार म्हणजे खरं तर झिपच, कुणालाही उघडता येणारी. पण आतली नावं मुद्दाम बदललेली. 'दार', 'गाय' अशा अर्थपूर्ण नावांच्या जागी नुसती ए, बी, सी. सुरुवातीचे मॉडवाले ती जार उघडत, आपल्या फाइली आत कोंबत आणि मेटा-इन्फ नावाचं फोल्डर पुसून टाकत. ते राहिलं तर खेळ सुरूच होत नसे. दोन मॉडनी एकच फाइल बदलली की नंतरचा टिके, आधीचा जाई. ठोकळ्यांच्या क्रमांकांवरूनही भांडणं होत, कारण सुरुवातीला क्रमांक होते फक्त 256. ही ओढाताण मिटवायला आधी मॉडलोडर आणि मग 2011 मध्ये फोर्ज या लायब्ऱ्या आल्या.

अनेकांनी मिळून खेळायच्या सर्व्हरसाठी त्याच सुमारास बकिट निघाली. दुसऱ्याचं घर कुणी फोडू नये, जमिनीची हद्द आखून द्यावी, असली कामं करणारे प्लगिन तिच्यावर उभे राहिले. लिहिणारे सगळे स्वयंसेवक. आपल्या मंडळांमध्ये गणपतीला रात्री जागून सजावट करणारे असतात ना, त्याच जातीचे. 2012 मध्ये माइनक्राफ्टची कंपनी मोजांगने बकिटच्या मुख्य मंडळींना नोकरीवर घेतलं.

ऑगस्ट 2014 मध्ये बकिटच्या तेव्हाच्या प्रमुखाने प्रकल्प बंद करत असल्याचं जाहीर केलं. तेव्हा मोजांगने सांगितलं, की बकिट आमच्याच मालकीची आहे, ती मंडळी आली तेव्हाच आम्ही ती घेतली होती. दोन वर्षं फुकट राबणाऱ्या बऱ्याच जणांना ही बातमी तेव्हा कळली! मला यातलं हेच सगळ्यात खटकतं. विकत घ्यायला हरकत नव्हती, सांगायला काय झालं होतं?

सप्टेंबरमध्ये एका जुन्या स्वयंसेवकाने कॉपीराइटच्या डीएमसीए कायद्याखाली नोटीस दिली. त्याचं म्हणणं असं: माझा कोड मी खुल्या परवान्याखाली दिला, त्या परवान्यानुसार सोबतचा कोडही खुला हवा; पण क्राफ्टबकिटमध्ये मोजांगचा बंदिस्त कोड मिसळलेला आहे. मोजांगने उत्तर दिलं, की आमचा कोड त्या परवान्याखाली आणायला आम्ही कधीच संमती दिलेली नाही. दोघांचंही म्हणणं आपापल्या जागी बरोबर होतं, आणि म्हणूनच तोडगा निघेना. फाइल उतरवली गेली. नुकतीच आलेली 1.8 आवृत्ती हजारो सर्व्हरवाल्यांना वापरता येईना. त्याच महिन्यात मायक्रोसॉफ्टने मोजांग अडीच अब्ज डॉलरला घेत असल्याचं जाहीर केलं.

वाट काढली ती स्पिगॉटवाल्यांनी, वर्ष संपायच्या आत. तयार फाइल वाटणंच त्यांनी बंद केलं. बिल्डटूल्स नावाचा छोटा प्रोग्राम द्यायचा. तो तुमच्याच संगणकावर मोजांगचा अधिकृत सर्व्हर उतरवून घेतो, उलगडतो आणि त्यावर स्पिगॉटचे बदल चढवतो. दुसऱ्याची वस्तू वाटल्याचा प्रश्नच उरत नाही. भांडी न देता साचा दिला म्हणा.

आणि ती ए, बी, सी नावं? कुठलं अक्षर म्हणजे काय, याचा तक्ता सप्टेंबर 2019 पासून मोजांग स्वतःच देऊ लागली.