आमीदेई, सेर्जो

आमीदेई, सेर्जो : (३० ऑक्टोबर १९०४–१४ एप्रिल १९८१). इटालियन पटकथाकार. जन्म तत्कालीन ऑस्ट्रिया-हंगेरीतील त्रिएस्ते येथे. मूकपटांच्या अखेरच्या काळात तूरिन येथे किरकोळ कामे करीत त्याने चित्रपटव्यवसायात प्रवेश केला. प्येत्रो मीक्का (१९३८) ह्या ऐतिहासिक चित्रपटापासून पटकथाकार म्हणून त्याचे नाव दिसू लागते. तथापि त्याचे युद्धपूर्व लेखन बव्हंशी धंदेवाईक स्वरूपाचे आहे.

जर्मनांनी रोमचा ताबा घेतला (१९४३), तेव्हा प्रतिकार चळवळीतील कम्युनिस्टांशी आमीदेईचा निकट संबंध होता. त्या नऊ महिन्यांतूनच रोमा, चित्ता आपेर्ता (१९४५, म. शी. खुले शहर रोम) ह्या चित्रपटाचे कथानक आकारास आले. पोलीस घरी येताच नायक छपरांवरून निसटतो, हा आरंभीचा प्रसंग आमीदेईच्या स्वतःच्या अनुभवावर आधारलेला आहे. पीनाच्या मृत्यूमागे ३ मार्च १९४४ रोजी जर्मनांच्या गोळीस बळी पडलेल्या तेरेसा गुल्लाचे हिची आठवण आहे. पकडलेल्या पतीला भेटण्याची तिची धडपड होती. धर्मगुरूच्या व्यक्तिरेखेमागेही तशाच हुतात्म्यांची चरित्रे आहेत. नववास्तववादी चित्रपट म्हणजे रस्त्यावर कॅमेरा नेऊन आयत्या वेळी टिपलेले जीवन, असा समज रूढ आहे. त्यामुळे ह्या चित्रपटाचे श्रेय सहसा एकट्या दिग्दर्शक रोबेर्तो रोस्सेल्लीनीला दिले जाते. वस्तुतः कम्युनिस्ट कार्यकर्ता आणि कॅथलिक धर्मगुरू यांना एकाच छळाला सामोरे नेणारी त्याची घट्ट बांधणी पटकथेतच सिद्ध झालेली आहे. आमीदेईबरोबर ती लिहिण्यात फेदेरीको फेल्लीनीचाही वाटा होता.

ह्या पटकथेबरोबरच शूशा (१९४६, म. शी. बूटपॉलिश करणारी मुले), पाइझा (१९४६) व इल जेनेराले देल्ला रोव्हेरे (१९५९) यांच्या सहलेखनासाठीही त्याला ऑस्कर पारितोषिकाची नामनिर्देशने मिळाली. चारही वेळा पारितोषिक मात्र हुकले.

दोमेनिका दागोस्तो (१९५०, म. शी. ऑगस्टमधील एक रविवार) ह्या लूचानो एमेर दिग्दर्शित चित्रपटाचा तो निर्माताही होता. एका सुटीच्या दिवशी ओस्तियाच्या किनाऱ्यावर गेलेल्या रोमवासीयांच्या अनेक छोट्या कथा त्यात गुंफल्या आहेत. युद्धाच्या छायेतून बाहेर पडलेल्या सामान्यांकडे तो येथे प्रसन्नपणे पाहतो. उत्तरायुष्यात ही दृष्टी कठोर झाली. देतेनूतो इन आत्तेसा दी जूदित्सिओ (१९७१) मध्ये निरपराध माणसाची तुरुंगातील परवड आहे. ऊन बोर्गेझे पिक्कोलो पिक्कोलो (१९७७) मध्ये मुलाच्या खुनाचा सूड घेणारा साधा कारकून स्वतःच क्रूर बनतो. व्हिंचेंत्सो चेरामीच्या कादंबरीवरील हा चित्रपट मारिओ मोनिचेल्लीने दिग्दर्शित केला.

रोम येथे तो निधन पावला. एत्तोरे स्कोलाबरोबर लिहिलेला इल मोन्दो न्वोव्हो (१९८२) त्याच्या मृत्यूनंतर प्रदर्शित झाला. गोरित्सिया येथे त्याच्या नावे उत्कृष्ट पटकथेसाठी पारितोषिक दिले जाते.